ओव्हनमधली बाकरवडी: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

दिवाळीच्या आधी पंधरा दिवस नात्यातल्या आणि सोसायटीतल्या बायकांचे (आणि दोन-तीन हौशी पुरुषांचेही) फोन सुरू होतात. "अगं, ओव्हनमध्ये केली, रंग छान आला, पण दुसऱ्या दिवशी चामड्यासारखी झाली." तेच उत्तर दरवर्षी नव्याने टाइप करायचा कंटाळा आला, म्हणून एकदाच सगळं लिहून ठेवते आहे.

भाजलेली बाकरवडी तळलेलीसारखी लागते का?

नाही. हे आधीच सांगितलेलं बरं.

वडी तेलात पडली की चहूबाजूंनी एकदम तापते. आतलं पाणी बुडबुडे होऊन बाहेर पडतं आणि त्या जागी थोडं तेल शिरतं. तळणीचा तो खुसखुशीतपणा यातून येतो. ओव्हनमधली हवा कोरडी आणि संथ असते. पाणी सावकाश जातं आणि त्याची जागा भरायला काहीच येत नाही. म्हणून भाजलेली वडी खारीच्या किंवा टोस्टच्या जवळ जाते: कडक आणि कुरकुरीत, तोंडात टाकली की 'कट्' आवाज करणारी. तेलाचा पडदा नसल्यामुळे धणे-बडीशेपेचा वास मात्र जास्त मोकळा येतो. मला ती चहाबरोबर तळलेलीपेक्षा आवडते. आमच्या घरात या मताला पाठिंबा नाही.

तुमचं प्रमाण काय?

पारीसाठी, म्हणजे बाहेरच्या आवरणासाठी, मैदा 120 ग्रॅम, बेसन 80 ग्रॅम, तेल 3 मोठे चमचे, ओवा अर्धा चमचा हातावर चोळून, हळद पाव चमचा, हिंग दोन चिमटी, मीठ अर्धा चमचा. पाणी साधारण 70 ते 80 मिली लागेल, पण एकदम ओतू नका.

सारणासाठी सुकं खोबरं किसून 60 ग्रॅम, तीळ 2 मोठे चमचे, खसखस 1 मोठा चमचा, धणे दीड मोठा चमचा, जिरं आणि बडीशेप प्रत्येकी 1 छोटा चमचा, लाल तिखट 2 छोटे चमचे, गोडा मसाला 1 छोटा चमचा, आमचूर 1 छोटा चमचा, पिठीसाखर 2 मोठे चमचे, मीठ पाऊण छोटा चमचा आणि मूठभर बारीक शेव. शिवाय लावायला चिंच-गुळाची घट्ट चटणी, दोन-तीन मोठे चमचे.

खोबरं, तीळ, खसखस, धणे, जिरं, बडीशेप हे सगळं वेगवेगळं मंद आचेवर भाजायचं. एकत्र टाकलं तर खसखस काळी होते आणि धणे कच्चे राहतात. गार झाल्यावर बाकी सगळं घालून मिक्सरला अगदी दोन-तीन झटके द्यायचे. जास्त फिरवलं की खोबऱ्याला आणि तिळाला तेल सुटतं आणि सारणाचा गोळा होतो. चव घेऊन बघा. नुसतं सारण जरा जास्तच झणझणीत, जास्तच आंबट-गोड लागलं पाहिजे, कारण पारी अळणीच्या जवळ असते.

एवढ्यात लहान आकाराच्या 75-80 वड्या होतात.

तळणीच्या कृतीत दोन चमचे मोहन (पिठात घालायचं गरम तेल) असतं, तुम्ही तीन का घालता?

तळताना वडी कढईतलं तेल घेते. ओव्हनमध्ये तिला वरून काही मिळत नाही, तेव्हा जे काही द्यायचं ते पिठातच द्यावं लागतं.

मोहन कडकडीत तापवून पिठावर ओतायचं, चमच्याने ढवळायचं आणि हाताला सोसेल इतकं झालं की पीठ दोन्ही तळव्यांत चोळायचं. तेल पिठाच्या कणांवर बसलं की पाणी आत शिरायला अडखळतं, मैद्याचा चिवटपणा कमी येतो आणि पारी खुसखुशीत होते. ओळखायचं कसं? मूठ आवळली की मुटका व्हावा आणि बोटाने टिचकी मारली की फुटावा. मुटकाच झाला नाही तर मोहन कमी आहे. फुटतच नसेल तर जास्त झालंय. अशी पारी लाटताना कडेला चिरते आणि गुंडाळताना तिचे तुकडे पडतात.

आतले थर कच्चट लागतात. काय चुकतं?

बहुतेक वेळा दोन गोष्टी. एक म्हणजे बेसन जास्त. तळणीसाठी निम्मं-निम्मं चालतं, पण ओव्हनमध्ये आतल्या वेढ्यापर्यंत उष्णता पोचायला वेळ लागतो आणि कच्च्या बेसनाची चव लपत नाही. म्हणून मी 120-80 वर आले. बेसन आधी कोरडंच तीन-चार मिनिटं मंद आचेवर भाजून घेतलं तर आणखी बरं.

दुसरं म्हणजे गुंडाळी जाड. इथे एक युक्ती सांगते. पिठाच्या चार लाट्या करा. एक लाटी साधारण 20 सेंटिमीटर व्यासाची लाटा, जाडी दोन मिलिमीटरच्या आसपास. पुरीपेक्षा किंचित पातळ, फुलक्यापेक्षा जाड. तळायची असेल तर ही अख्खी पोळी गुंडाळतात. ओव्हनसाठी चटणी-सारण लावायच्या आधी ती मधोमध कापा आणि दोन अर्धगोल वेगवेगळे गुंडाळा. गुंडाळी दोन सेंटिमीटरच्या जवळपास जाडीची होते आणि मधला वेढासुद्धा नीट भाजला जातो.

रंग छान येतो, पण गार झाल्यावर वड्या मऊ पडतात. का?

सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच, आणि याचं उत्तर 'पाणी' या एका शब्दात आहे. रंग आला म्हणजे वडी झाली, असं आपण तळणीच्या सवयीने धरून चालतो. ओव्हनमध्ये तसं नसतं. बाहेर गुलाबी-बदामी रंग येतो तेव्हा आत अजून ओल असते. वडी गार होताना ती ओल आतून बाहेरच्या थरांत पसरते आणि मघाशी कुरकुरीत असलेलं कवच वातड होतं.

माझी पहिली खेप अशीच गेली. चिंच-गुळाची चटणी डब्यात होती, भेळेसाठी केलेली. चांगली सैल होती, पण पुन्हा कोण आटवणार म्हणून तशीच चमचा-चमचा पसरली. गुंडाळताना ती टोकांतून बाहेर आली, तरी मी पुढेच गेले. 180 अंशांवर वीस मिनिटांत असा काही रंग आला की मी फोटो काढून बहिणीला पाठवला. संध्याकाळी पाहुणे आले, त्यांच्यापुढे बशी ठेवली. एकाने वडी दातांत धरली आणि हाताने ओढली. वडी तुटली नाही, ताणली गेली. कुणी काही बोललं नाही, आणि दुसरी वडी कुणी उचललीही नाही.

तेव्हा ओल येते कुठून, ते आधी बघा. चटणी आटवून इतकी घट्ट हवी की ताटलीत घालून बोटाने रेघ ओढली तर ती परत मिटू नये. अर्ध्या पोळीला अर्धा छोटा चमचा पुरे. ती बोटांनी पुसल्यासारखी लावायची, कारण तिचं काम गोंदाचं आहे. खोबरं सुकंच हवं, ओला नारळ भाजून घेतला तरी चालत नाही. कोथिंबीर, आलं, ओली मिरची यांतलं काही नको. लसूण आवडत असेल तर तळून, कुरकुरीत करून, चुरून घाला. पीठही घट्ट मळा, पुरीच्या पिठासारखं. सैल पिठातलं जास्तीचं पाणी शेवटी ओव्हनलाच काढावं लागतं.

आणि भाजणं दोन टप्प्यांत करा. ते पुढच्या प्रश्नात आहे.

किती तापमान, किती वेळ?

ओव्हन 160 अंश सेल्सिअसला दहा मिनिटं आधी तापवून घ्या. ट्रेवर बटर पेपर घाला, कारण सारणातली साखर वितळली की वडी ट्रेला चिकटते. वड्यांची कापलेली बाजू वर-खाली येईल अशा आडव्या मांडा, मधे बोटभर जागा सोडा, ब्रशने तेलाचा हलका हात फिरवा.

पहिली 15 मिनिटं हात लावू नका. मग एकेक उलटा. पुन्हा 10 ते 12 मिनिटं. आता रंग आलेला असेल आणि बंद करावंसं वाटेल. तसं करू नका. तापमान 120 वर आणा आणि आणखी 10 ते 15 मिनिटं ठेवा. या टप्प्यात रंग फारसा बदलत नाही, फक्त ओल जाते. मग ओव्हन बंद करून दार बोटभर उघडं ठेवा आणि वड्या आतच गार होऊ द्या.

झाल्या की नाही, हे गरम वडीवरून कळत नाही, गरम वडी मऊच असते. एक बाहेर काढून पाच मिनिटं गार करा आणि मोडा. मधला वेढासुद्धा कोरडा दिसला आणि आवाज आला तर झाल्या. नाहीतर 120 वर पुन्हा दहा मिनिटं.

180 किंवा 200 वर पटकन उरकायला जाऊ नका. खोबरं आणि साखर पारीच्या आधी करपतात, आणि करपलेल्या खोबऱ्याचा कडवटपणा कशानेही झाकला जात नाही.

माझ्याकडे ओटीजी (विजेवरचा छोटा ओव्हन) नाही. मायक्रोवेव्ह, एअर फ्रायर, कढई?

मायक्रोवेव्हचा कन्व्हेक्शन मोड असेल तर वरचंच सगळं लागू. नुसत्या मायक्रोवेव्ह मोडवर करू नका. पीठ वाफवल्यासारखं होतं आणि पाच मिनिटांत दगड होतो.

एअर फ्रायर यासाठी खरंतर चांगला, कारण त्यात हवा खेळती असते. 160 वर 12 मिनिटं, हलवून आणखी 4-5 मिनिटं, मग 120 वर 8 मिनिटं. एका वेळी एकच थर लावा. घाई म्हणून दुसरा थर चढवला की खालच्या वड्या वाफेत राहतात.

जाड बुडाच्या कढईत मीठ पसरून, वर रिंग ठेवून, झाकण लावून नानकटाई करतात तशी बाकरवडीही होते. मात्र आच फक्त खालून लागते, त्यामुळे तीन-चारदा उलटावं लागतं, आणि झाकणाला आतून धरलेलं पाणी दर दहा मिनिटांनी पुसावं लागतं. पूर्वी दिवाळीत नानकटाईचे ट्रे जवळच्या बेकरीच्या भट्टीत भाजून आणायचे. बाकरवडीचा ट्रे घेऊन भट्टीवर गेलेलं मात्र मी कुणाला पाहिलं नाही.

वड्या उलगडतात, सारण सांडतं.

गुंडाळताना आत हवा राहिली की असं होतं. सारण पसरल्यावर त्यावरून लाटणं अगदी अलगद एकदा फिरवा म्हणजे ते पारीत बसतं. गोल कडेकडून सुरुवात करा, पहिला वेढा नखभर आणि घट्ट. प्रत्येक वेढ्याला दोन्ही अंगठ्यांनी आपल्याकडे ओढून पुढे जा. सरळ कापलेली कड शेवटी येते. तिथे बोटभर जागा सारणाशिवाय सोडलेली असावी. तिला पाण्याचं बोट लावून चिकटवा आणि गुंडाळी पोळपाटावर दोन-तीनदा हलकेच लोळवा.

लगेच कापू नका. गुंडाळ्या झाकून वीस मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा. तेल-खोबरं घट्ट झालं की सुरीने वडी दाबली जात नाही, चपटी होत नाही. दीड सेंटिमीटरचे तुकडे करा, सुरी धारदार हवी, आणि करवतीसारखी न चालवता एका दाबात खाली यायला हवी. मग प्रत्येक तुकड्यावर तळव्याने हलका दाब द्या.

बाकीच्या लाट्या मात्र ओलसर फडक्याखालीच राहू द्या. सुकलेली पारी चिकटत नाही.

खायचा सोडा घालू का?

नको. पारी फुगते आणि वेढे सुटतात.

मैद्याऐवजी कणीक चालेल?

चालेल. रंग गडद येतो, पोत जरा भरड, पाणी थोडं जास्त लागतं आणि पीठ अर्धा तास झाकून ठेवावं लागतं. चव चांगली असते. 'मैदा बंद' केलेल्या घरांत मी अशीच देते आणि आजवर तक्रार आलेली नाही. नुसत्या बेसनाची पारी मात्र करायला जाऊ नका. बेसनात मैद्यासारखा चिवटपणा नसतो, त्यामुळे ती गुंडाळतानाच तडकते.

ओव्हनमध्ये केली म्हणजे डाएटची झाली ना?

तळणीचं तेल वाचलं, एवढंच. सुक्या खोबऱ्यात वजनाच्या 60 टक्क्यांहून जास्त स्निग्धांश असतो, तिळात निम्म्याच्या आसपास. वर मोहन, शेव, साखर, गूळ. चार वड्या खाऊन समाधान होत असेल तर आनंद आहे, पण 'बेक्ड आहे' म्हणून डबा मांडीवर घेऊन बसू नका.

बाकरवडी पुण्याची की बडोद्याची?

हा वाद मी सोडवणार नाही. गुजरातीत ती भाखरवडी आणि बडोद्याचीही तितकीच नावाजलेली. बडोदं हे गायकवाडांचं संस्थान, तिथे मराठी कुटुंबं पिढ्यान्‌पिढ्या राहिलेली, तेव्हा डबे इकडून तिकडे गेले असणारच. पुण्यात हा पदार्थ म्हटलं की 1950 साली सुरू झालेल्या चितळे बंधूंच्या दुकानाचं नाव निघतं. पुण्याहून गावी जाणाऱ्याच्या पिशवीत आंबा बर्फीच्या शेजारी तो मसालेदार पुडा असतोच.

कुणाला दुकानासारखीच चव घरी आणायची असते. ती कृती माझ्याकडे नाही, आणि घरच्या वडीची तुलना कारखान्यात एकसारख्या तापमानावर तळलेल्या वडीशी करण्यात अर्थही नाही.

विदर्भातली पुडाची वडी किंवा सांबारवडी हे वेगळं प्रकरण. तिथे कोथिंबिरीला सांबार म्हणतात, आणि त्या वडीत ओल्या कोथिंबिरीचं सारण ठासून पुडीसारखं बांधतात. ती गरम तळून, तर्रीदार कढीबरोबर तिथल्या तिथे खायची. ओव्हनमध्ये घालून तिचा अपमान करू नका.

परदेशात राहतो. साहित्याचं काय?

इंग्लंडमध्ये असाल तर पिठाची पिशवी नीट वाचा. सेल्फ-रेझिंग पिठात बेकिंग पावडर आधीच असते, आपल्याला प्लेन फ्लोअर हवं. सुपरमार्केटमधलं चिकपी फ्लोअर बहुधा काबुली चण्याचं असतं. ते जमतं, पण इंडियन स्टोअरचं चणाडाळीचं बेसन जास्त बारीक आणि जास्त खमंग. अमेरिकेत किसलेलं खोबरं घेताना 'स्वीटन्ड' लिहिलेलं उचलू नका. ते गोड तर असतंच, शिवाय ओलसर असतं. ओव्हन फॅरेनहाइटवाला असेल तर 160 म्हणजे साधारण 325, आणि 120 म्हणजे 250. पंख्याचा ओव्हन असेल तर वीसेक अंश सेल्सिअस कमी ठेवा.

दुबईला भावाकडे पाठवायची आहे. चालेल ना?

खसखस काढून करा. संयुक्त अरब अमिरातीत खसखस नेण्यावर बंदी आहे, सिंगापूरमध्येही. गंमत म्हणून सांगत नाही, विमानतळावर खरोखर अडचण होऊ शकते. 'चिमूटभर तर आहे' हा युक्तिवाद तिथे चालत नाही. खसखशीऐवजी तीळ वाढवा, चवीत उणं-दुणं फारसं कळत नाही. गरम मसाल्यात किंवा विकतच्या गोडा मसाल्यातही खसखस असू शकते, तेव्हा पुडीवरची यादी बघा.

किती दिवस टिकते?

पूर्ण कोरडी झाली असेल तर घट्ट झाकणाच्या डब्यात दोन ते तीन आठवडे. डबा भरायच्या आधी वड्या पूर्ण गार हव्यात, हाताला कोमट लागली तरी थांबा. पावसाळ्यात चार दिवसांत सादळतात. तशा झाल्या तर 120 अंशांवर 8-10 मिनिटं ठेवून गार करा, परत कुरकुरीत होतात.

सादळलेली वडी सुधारते, खवट झालेली सुधारत नाही. खोबरं घेतानाच वाटीचा तुकडा मोडून वास घ्या. जुन्या खोबऱ्याचा पिवळट भाग आणि तो साबणासारखा वास भाजूनही जात नाही, उलट डबा उघडल्या उघडल्या तोच नाकात शिरतो.

आदल्या दिवशी करून ठेवता येईल का?

सारण आठवडाभर आधी करून ठेवा, काही होत नाही. भरलेल्या गुंडाळ्या मात्र रात्रभर फ्रिजमध्ये ठेवू नका. सारणातली साखर-मीठ पारीतलं पाणी ओढतात आणि सकाळी कड ओली झालेली सापडते. फ्रीझरमध्ये न कापता, घट्ट गुंडाळून दोन आठवडे राहतात. काढल्यावर दहा मिनिटांत कापायच्या आणि थेट ट्रेवर, पूर्ण वितळू द्यायच्या नाहीत. भाजायला पाच-सात मिनिटं जास्त लागतील.

गुंडाळीच्या टोकांचं काय करायचं?

अर्धगोल गुंडाळला की दोन्ही टोकं निमुळती येतात, त्यात सारण कमी आणि पारी जास्त. ती वड्यांबरोबर भाजू नका, आधी करपतात. आठ गुंडाळ्यांची सोळा टोकं होतात. ती वेगळ्या छोट्या ताटलीत शेवटी, ओव्हन 120 वर असताना घाला आणि वड्यांनंतरही दहा मिनिटं आत राहू द्या. आमच्याकडे ती चुरून, वर कांदा आणि लिंबू पिळून, उभ्या-उभ्याच संपतात.